न वाचलेल्या कागदावरची सही

अमेरिकेच्या पेनसिल्व्हेनिया राज्यात, नैऋत्येकडील डोंगराळ मुलखात, ॲलेघेनी पर्वतराजी ओलांडून पश्चिमेकडे जाणारा चाळीस क्रमांकाचा जुना महामार्ग एका सखल कुरणाजवळून जातो. ‘ग्रेट मेडोज’, म्हणजे ‘मोठी कुरणे’, हे या जागेचे नाव. भोवताली दाट रान, मध्ये ओलसर गवत, त्यातून वाहणारे लहान ओढे आणि त्यांच्या काठी उभे खांब रोवून केलेला एक गोल मेढेकोट. त्याचा व्यास अवघा ५३ फूट. आत शिधा आणि दारूगोळा ठेवण्यापुरती एक झोपडी. रायगड वा दौलताबाद पाहिलेल्या माणसाला याला किल्ला म्हणताना संकोच वाटेल. आजचा मेढेकोट नव्याने उभारलेला आहे. विसाव्या शतकाच्या मध्यावर येथे उत्खनन झाले, मूळ खांबांचे बुडखे सापडले आणि त्यावरून कोटाचा गोल आकार निश्चित झाला. ‘फोर्ट नेसेसिटी’, म्हणजे निकडीचा किल्ला, असे त्याचे नाव आजही कायम आहे.

अमेरिकेचे राष्ट्रनिर्माते जॉर्ज वॉशिंग्टन यांच्या विजयांची स्मारके त्या देशात पुष्कळ आहेत. हे स्मारक त्यांच्या पराभवाचे आहे. सबंध लष्करी आयुष्यात त्यांनी शत्रूपुढे शरणागती पत्करली ती एकदाच, आणि ती याच ठिकाणी, ३ जुलै १७५४ च्या रात्री. तेव्हा त्यांचे वय बावीस वर्षांचे होते. त्या रात्री त्यांनी स्वतःला न वाचता येणाऱ्या एका कागदावर सही केली, आणि त्या कागदातील एका शब्दाने त्यांचा पुढे कित्येक वर्षे पाठपुरावा केला. व्यापारउदीम करणाऱ्या घरांत सहीचे मोल निराळे सांगावे लागत नाही; म्हणूनच या सरहद्दीवरची वाट एकदा सावकाश चालून पाहण्याजोगी आहे.

ही वाट सुरू होते बरीच पूर्वेकडे, व्हर्जिनियातील रॅपाहॅनॉक नदीच्या काठी. फ्रेडरिक्सबर्ग गावासमोर, नदीच्या पैलतीरावर ‘फेरी फार्म’ नावाची शेती आहे. १७३२ मध्ये जन्मलेल्या जॉर्जचे बालपण येथे गेले. कुऱ्हाडीने चेरीचे झाड तोडून वडिलांपुढे खरे बोलणाऱ्या मुलाची कथा आपल्याकडेही अनेकांनी शाळेत ऐकली आहे. ती याच घराशी जोडली जाते. परंतु ती वॉशिंग्टन यांच्या मृत्यूनंतर मेसन वीम्स या चरित्रलेखकाने प्रसृत केली आणि तिला कोणताही पुरावा नाही. जे निश्चितपणे ठाऊक आहे ते अधिक कठोर आहे. १७४३ मध्ये वडील वारले तेव्हा जॉर्ज अकरा वर्षांचे होते. वारशाने त्यांच्या वाट्याला ही शेती आली आणि तिच्याबरोबर दहा गुलाम माणसेही आली. वडिलांच्या मोठ्या मिळकतीचा मोठा हिस्सा सावत्र भावांकडे गेला. सावत्र भाऊ इंग्लंडमध्ये शिकले होते. या मुलाला ती संधी मिळाली नाही. जॉर्ज वॉशिंग्टन यांना फ्रेंच भाषा कधीच आली नाही, ही गोष्ट पुढील कथेसाठी ध्यानात ठेवावी.

शिक्षणाची उणीव त्यांनी एका हुन्नराने भरून काढली. वडिलांच्या सामानात जमीनमोजणीची साधने होती. मार्च १७४८ मध्ये, सोळाव्या वर्षी, ते लॉर्ड फेअरफॅक्स यांच्या अफाट जमिनीची मोजणी करणाऱ्या तुकडीबरोबर ब्लू रिज डोंगर ओलांडून शेनन्डोआच्या खोऱ्यात उतरले. होकायंत्र, मोजणीची साखळी आणि रोजनिशी हे त्यांचे सोबती. एका रात्री कपडे उतरवून सभ्यपणे अंथरुणावर पडावे तो अंथरूण म्हणजे उवांनी भरलेली पेंढी निघाली. त्यानंतर उघड्यावर निजणेच त्यांनी अधिक पसंत केले, अशी नोंद त्या रोजनिशीत आहे. पुढल्याच वर्षी, सतराव्या वर्षी, ते कल्पेपर परगण्याचे सरकारी मोजणीदार झाले. मोजणीची फी रोख मिळत असे. ती साठवून त्यांनी १७५० मध्ये याच खोऱ्यात, बुलस्किन नावाच्या ओढ्याकाठी, स्वतःची पहिली मोठी जमीन विकत घेतली. डोंगरापलीकडच्या भूमीची ही ओढ त्यांना आयुष्यभर राहिली.

ती ओढ त्यांच्या एकट्याची नव्हती. व्हर्जिनियातील धनिकांनी ‘ओहायो कंपनी’ नावाची एक व्यापारी मंडळी स्थापन केली होती. तिच्या भागीदारांत जॉर्जचे सावत्र भाऊ लॉरेन्स आणि ऑगस्टीन होते. वसाहतीचे लेफ्टनंट गव्हर्नर रॉबर्ट डिनविडी हेही होते. १७४९ मध्ये इंग्लंडच्या राजाने या कंपनीला ओहायो नदीच्या परिसरात दोन लक्ष एकर जमीन देऊ केली. अट अशी, की सात वर्षांत तेथे शंभर कुटुंबे वसवावीत आणि एक गढी बांधावी. कंपनीने पोटोमॅक नदीकाठी, विल्स क्रीक येथे वखार उघडली. आजचे कंबरलँड शहर त्याच जागी आहे. मूळ रहिवासी शिकारी हरणांची आणि इतर जनावरांची कातडी आणीत आणि त्या बदल्यात कापड, भांडी, बंदुका घेत. याच व्यापारावर फ्रेंचांचीही दृष्टी होती, आणि कॅनडातून खाली उतरून ते ओहायोच्या वाटेवर ठाण्यांमागून ठाणी उभी करीत होते. डेलावेअर, शॉनी, सेनेका या लोकांची घरे आणि शिकारीची राने जेथे होती, ती भूमी लंडन आणि पॅरिसमधल्या नकाशांवर आधीच वाटली गेली होती.

ऑक्टोबर १७५३ च्या अखेरीस डिनविडी यांनी एकवीस वर्षांच्या वॉशिंग्टनना एक पत्र देऊन फ्रेंचांकडे धाडले: ‘हा मुलूख सोडून जावे’ असा त्याचा आशय. बरोबर क्रिस्टोफर गिस्ट हा अनुभवी वाटाड्या आणि याकोब व्हान ब्राम हा डच वंशाचा दुभाष्या होता. ऐन हिवाळ्यात शेकडो मैलांचा प्रवास करून हे पथक डिसेंबरच्या दुसऱ्या आठवड्यात फोर्ट ल बफ या ठाण्यावर पोहोचले. फ्रेंच अधिकाऱ्याने आदरातिथ्य उत्तम केले आणि नकार तितक्याच सभ्यतेने दिला. परतताना एका मूळ रहिवासी वाटाड्याने जवळून गोळी झाडली, ती चुकली. दोन दिवसांनी बर्फाचे तुकडे वाहणाऱ्या ॲलेघेनी नदीत वॉशिंग्टन तराफ्यावरून पडले आणि भिजल्या कपड्यांनिशी त्यांना एका बेटावर रात्र काढावी लागली. या प्रवासाचा त्यांनी लिहिलेला वृत्तान्त छापला गेला आणि लंडनपर्यंत पोहोचला. अनोळखी तरुणाला नाव मिळाले. त्याच वृत्तान्तात त्यांनी मोजणीदाराच्या नजरेने एक जागा हेरली होती: जेथे ॲलेघेनी आणि मोनोंगहिला या नद्या मिळून ओहायो होते, तो त्रिकोणी भूभाग. तेथे गढी असेल त्याच्या हाती दोन्ही नद्या राहतील, असे त्यांचे मत होते. व्हर्जिनियाने तेथे बांधकाम सुरू केले. एप्रिल १७५४ मध्ये फ्रेंचांनी मोठ्या फौजेनिशी येऊन ते ताब्यात घेतले आणि तेथेच फोर्ट दुकेन उभारला.

त्या सुमारास वॉशिंग्टन लेफ्टनंट कर्नलच्या हुद्द्यावर लहानशी फौज घेऊन त्याच दिशेने निघाले होते. ग्रेट मेडोजच्या कुरणात त्यांनी तळ दिला. तेथून काही मैलांवर चेस्टनट रिजच्या रानात एक घळ आहे: एका बाजूला खडकाची उभी कड, खाली पालापाचोळ्याने भरलेला खोलगट भाग. २८ मे १७५४ च्या पहाटे वॉशिंग्टन सुमारे चाळीस सैनिक आणि सेनेकांचा पुढारी तनाघ्रिसन याचे बाराएक योद्धे घेऊन त्या कड्यावर पोहोचले. खाली जुमोनव्हिल नावाच्या तरुण अधिकाऱ्याची फ्रेंच तुकडी उतरलेली होती. चकमक जेमतेम पंधरा मिनिटे चालली. जुमोनव्हिलसह दहा फ्रेंच ठार झाले, वीसहून अधिक कैद झाले. पहिली गोळी कोणी झाडली आणि जुमोनव्हिलचा अंत नेमका कसा झाला, याचे वर्णन प्रत्येक पक्षाने वेगवेगळे केले. एवढे मात्र खरे, की त्याच्याजवळही एक पत्र होते: इंग्रजांनी हा मुलूख सोडून जावे, अशा आशयाचे. सहा महिन्यांपूर्वी वॉशिंग्टन ज्या कामावर गेले होते, जवळजवळ तेच काम. फ्रेंच म्हणाले, हा वकील होता. वॉशिंग्टन म्हणाले, वकील उघड येतो, रानात लपून राहत नाही. भावाला लिहिलेल्या पत्रात त्यांनी कानाशी गुणगुणणाऱ्या गोळ्यांचा आवाज आपल्याला गोड वाटला असे लिहिले. ते वय तसे बोलण्याचे होते; पाच आठवड्यांनी तो आवाज तसा उरला नाही.

३ जुलै रोजी सुमारे सातशेची फ्रेंच आणि मूळ रहिवाशांची फौज ग्रेट मेडोजवर चालून आली. तिचा सेनानी लुई कुलाँ द व्हिलिए हा जुमोनव्हिलचा भाऊ होता. मेढेकोटाची जागा चुकीची होती: रान बंदुकीच्या पल्ल्यात होते आणि झाडांआडून कुरणातील माणूस सहज टिपता येई. दिवसभर पाऊस कोसळला, चर पाण्याने भरले, दारू भिजली. तनाघ्रिसनचे लोक आधीच निघून गेले होते. चारशेपैकी सुमारे शंभर जण ठार वा जखमी झाले. संध्याकाळी फ्रेंचांनी बोलणे लावले. व्हान ब्राम अटींचे कागद घेऊन आला. कागद पावसाने ओला, अक्षर घाईचे, उजेड वाऱ्यावर फडफडणाऱ्या एका मेणबत्तीचा. त्याने तोंडी अर्थ सांगितला आणि मध्यरात्रीच्या सुमारास वॉशिंग्टन यांनी सही केली. अटी उदार वाटत होत्या: शस्त्रे घेऊन सन्मानाने परत जावे.

त्या फ्रेंच मजकुरात जुमोनव्हिलच्या मृत्यूसाठी ‘हत्या’ अशा अर्थाचा शब्द होता. वॉशिंग्टन यांनी पुढे ठामपणे सांगितले, की आपल्याला तो ‘मृत्यू’ किंवा ‘हानी’ अशा अर्थाने सांगण्यात आला. कोणी व्हान ब्रामला विश्वासघातकी ठरवले, कोणी त्याच्या अर्ध्यामुर्ध्या भाषाज्ञानाला दोष दिला. पण कागदावर नाव दुभाष्याचे नव्हते. शांततेच्या काळात एका राजाच्या वकिलाची हत्या आपण केली, अशी कबुली दुसऱ्या राजाच्या अधिकाऱ्याने स्वतःच्या सहीने दिली होती, आणि फ्रान्सने ती जगापुढे मांडली. किल्ल्यात हाती लागलेली वॉशिंग्टन यांची रोजनिशीही १७५६ मध्ये पॅरिसमध्ये छापण्यात आली. त्याच वर्षी दोन्ही राष्ट्रांत उघड युद्ध जाहीर झाले. युद्धाची कारणे मोठी होती, एका तरुणाच्या सहीवर ते थांबले नसते किंवा पेटलेही नसते. परंतु त्याची पहिली ठिणगी त्या घळीत पडली, हे सर्वमान्य आहे. या सप्तवार्षिक युद्धाची झळ हिंदुस्थानापर्यंत आली. १७५७ मध्ये इंग्रजांनी फ्रेंचांचे चंद्रनगर घेतले, १७६० मध्ये वांदिवाशची लढाई झाली आणि १७६१ मध्ये पाँडिचेरी पडली.

ग्रेट मेडोजपासून थोड्या अंतरावर, त्याच रस्त्याच्या कडेला जनरल एडवर्ड ब्रॅडक यांची समाधी आहे. १७५५ मध्ये ते इंग्लंडहून आलेली फौज घेऊन फोर्ट दुकेनवर निघाले. वॉशिंग्टन यांनी मधल्या काळात, हुद्दा कमी होण्याऐवजी, राजीनामा दिला होता. या मोहिमेत ते बिनपगारी सहायक म्हणून गेले. फौजेला गाड्या मिळेनात, तेव्हा बेंजामिन फ्रँकलिन यांनी पेनसिल्व्हेनियाच्या शेतकऱ्यांकडून सुमारे दीडशे गाड्या मिळवून दिल्या, आणि शेतकऱ्यांचा जनरलवर भरवसा नसल्याने स्वतःची हमी लिहून दिली. ९ जुलै रोजी मोनोंगहिला नदी ओलांडताच रानात फौजेचा धुव्वा उडाला: सुमारे चौदाशेपैकी नऊशे जण पडले वा जखमी झाले. गाडीमालकांनी फ्रँकलिन यांच्याकडे जवळजवळ वीस हजार पौंडांची मागणी केली. सरकारने ती भागवली म्हणून ते बुडता बुडता वाचले. दुसऱ्यासाठी जामीन राहण्याची किंमत सांगणारी ही गोष्ट पेढीवर बसणाऱ्या कोणालाही परकी वाटणार नाही. आजारातून नुकतेच उठलेले वॉशिंग्टन त्या दिवशी घोड्यावर पुन्हा पुन्हा स्वार होत राहिले. दोन घोडे त्यांच्याखाली मारले गेले आणि अंगरख्याला चार गोळ्यांची भोके पडली. चार दिवसांनी ब्रॅडक वारले. वॉशिंग्टन यांनी अंत्यविधीचा पाठ म्हटला. थडगे शत्रूला सापडू नये म्हणून ते रस्त्याच्या मध्ये खणून त्यावरून सारी फौज आणि गाड्या नेण्यात आल्या. १८०४ मध्ये रस्तादुरुस्ती करणाऱ्या मजुरांना तेथे अवशेष सापडले आणि ते जवळच पुरण्यात आले.

ती रणभूमी आज ब्रॅडक नावाचे कारखान्याचे गाव आहे. अँड्र्यू कार्नेगी यांचा १८७५ मध्ये सुरू झालेला पोलाद कारखाना तेथेच आहे. जवळच्या मन्रोव्हिल येथील हिंदू-जैन मंदिरात दर्शनाला जाणारी कुटुंबे या भूमीच्या अगदी शेजारून जातात. थोडी वाट वाकडी केली तर पिट्सबर्गचा नद्यांचा संगमही पाहता येतो. १७५८ च्या नोव्हेंबरात, इंग्रज जवळ आल्याचे पाहून फ्रेंचांनी फोर्ट दुकेन स्वतःच जाळला. संगमावरच्या उद्यानात त्या गढीची आखणी दगडांनी दाखवलेली आहे. ज्या जागेसाठी इतकी माणसे गेली, ती अखेर एकही गोळी न झाडता हाती आली.

या दोन घटनांमधली तीन वर्षे वॉशिंग्टन यांनी विंचेस्टर येथे काढली. शेनन्डोआ खोऱ्यातील या गावात त्यांच्या कचेरीची ठेंगणी इमारत अजून आहे. व्हर्जिनियाच्या पलटणीचे कर्नल म्हणून सुमारे साडेतीनशे मैलांची सरहद्द मूठभर माणसांनिशी सांभाळण्याचे काम त्यांच्याकडे होते. पळून जाणारे शिपाई, न मिळणारा पगार, अपुरी पादत्राणे, गावोगावचे भेदरलेले लोक: त्या काळची त्यांची पत्रे याच गोष्टींनी भरलेली आहेत. शिस्तीसाठी त्यांनी दोन शिपायांना फाशीही दिले. इंग्लंडच्या राजाची कायम सनद मिळावी म्हणून ते घोड्यावरून बॉस्टनपर्यंत जाऊन आले. ती मिळाली नाही. येथे कीर्ती नव्हती, फक्त हिशेब होता: किती पिंपे पीठ, किती बंदुका, किती माणसे. सैन्य शौर्यावर चालते हा समज या कचेरीत मावळला, आणि ते शिध्यावर, वेळेवर आणि दिलेल्या शब्दावर चालते, हा अनुभव पदरी पडला.

त्या अनुभवाची कसोटी वीस वर्षांनी लागली. जून १७७५ मध्ये काँग्रेसने त्यांना सरसेनापती नेमले, तेव्हा त्यांनी पगार नाकारला आणि केवळ झालेला खर्च मागेन असे सांगितले. आठ वर्षांचा तो हिशेब त्यांनी स्वतःच्या हाताने लिहून सादर केला. बॉस्टनमध्ये त्यांच्यासमोर ब्रिटिश सेनापती म्हणून उभे होते थॉमस गेज, ब्रॅडक यांच्या मोहिमेत आघाडी सांभाळणारे अधिकारी. युद्धात वॉशिंग्टन अनेकदा हरले, अनेकदा मागे हटले. परंतु चहूकडून माऱ्यात सापडेल अशा कुरणात सारी फौज अडकवून पुन्हा शरण जाण्याची वेळ त्यांनी येऊ दिली नाही. त्यांचे सारे दोष सरहद्दीने धुऊन काढले नाहीत. पश्चिमेकडची हजारो एकर जमीन त्यांनी जमवली, ज्यांची ती भूमी होती त्यांचा हक्क मागे पडला, आणि गुलामांना मुक्त करण्याचा निर्णय त्यांनी घेतला तो अगदी अखेरच्या मृत्युपत्रात. ग्रेट मेडोजचे ते कुरण, सुमारे २३४ एकर, त्यांनी पुढे विकत घेतले आणि मरेपर्यंत आपल्याकडेच ठेवले.

या वाटेचा शेवट मेरीलँड राज्यातील अ‍ॅनापोलिस येथे होतो. २३ डिसेंबर १७८३ रोजी तेथील राज्यसभागृहात वॉशिंग्टन यांनी सरसेनापतिपदाची सनद काँग्रेसला परत केली. विजयी सेनापतीने सत्ता हाती असताना ती अशी सोडून घरी जावे, याचे साऱ्या जगाला आश्चर्य वाटले. भाषण वाचताना त्यांचे हात थरथरत होते, असे पाहणाऱ्याने लिहून ठेवले आहे. त्यांच्या हस्ताक्षरातील त्या भाषणाचा मसुदा आज त्याच इमारतीत ठेवलेला आहे. त्यात निरोप घेताना त्यांनी आधी ‘अखेरचा’ अशा अर्थाचा शब्द लिहिला होता. मग तो खोडला. पुढे देशाला आपली पुन्हा गरज लागली तर आज दिलेला शब्द खोटा ठरू नये, असाच त्या खोडण्याचा अर्थ लावता येतो. सहा वर्षांनी ते राष्ट्राध्यक्ष झाले. ओल्या कागदावरच्या एका शब्दाने बाविसाव्या वर्षी ज्याला अडकवले, तो माणूस एक्कावन्नाव्या वर्षी स्वतःच्या मजकुरातला एकेक शब्द तोलून पाहत होता.